गेम आला, पण उघडेना

मित्राने गेम पाठवला, पट्टी भरत भरत शंभर टक्क्यांवर गेली, फोनने फाइल मिळाल्याचं सांगितलं. उघडायला गेलं तर 'ॲप इन्स्टॉल झालं नाही' एवढंच उत्तर. फोनवरून फोनवर गेम घेणाऱ्या प्रत्येकाच्या वाट्याला हे कधी ना कधी येतं. मग ब्लूटूथला दोष दिला जातो, फाइल पुन्हा मागवली जाते, ती पुन्हा नीट येते आणि पुन्हा तेच होतं.

याचं कारण असं की इथे दोन वेगळी कामं आहेत. पहिलं, फाइल एका फोनमधून दुसऱ्या फोनमध्ये नेण्याचं. ते ब्लूटूथ किंवा वाय-फाय करतं आणि सहसा चोख करतं. दुसरं काम त्या फाइलला गेम म्हणून चालू द्यायचं की नाही हे ठरवण्याचं. ते फोनची सिस्टिम करते. हा गेम माझ्या मापाचा आहे का, पूर्ण आला आहे का, कुणी बनवला आहे, तो असा हातोहात द्यायला परवानगी आहे का, हे सगळं ती तपासते. गेम अडतो तो बहुतेक वेळा या तपासणीत. हे एकदा लक्षात आलं की गेल्या पंचवीस वर्षांतल्या सगळ्या खटपटींचा उलगडा होतो.

लहरींचं काम

सुरुवात इन्फ्रारेडने झाली. टीव्हीच्या रिमोटमधून निघतो तोच, डोळ्यांना न दिसणारा प्रकाश फोनच्या कडेला असलेल्या काळसर खिडकीतून बाहेर पडायचा. दोन्ही खिडक्या समोरासमोर आणि मीटरभराच्या आत हव्यात. नेहमीचा वेग सेकंदाला 115 किलोबिट, म्हणजे साधारण 11 किलोबाइट. 300 केबीचा गेम जायला अर्धा मिनिट लागणार, आणि मध्येच कुणी फोन उचलला की सगळं पहिल्यापासून. तरीही 1997 च्या नोकिया 6110 वर दोघांना इन्फ्रारेडने एकमेकांविरुद्ध 'स्नेक' खेळता यायचा. तिथे गेमची फाइल जात नव्हती. साप कुठे वळला एवढीच खबर इकडून तिकडे जायची, आणि त्याला हा वेग पुरेसा होता.

ब्लूटूथने समोरासमोर ठेवण्याची अट काढली. ते 2.4 गिगाहर्ट्झच्या आसपासच्या रेडिओ लहरी वापरतं. हा पट्टा वापरायला परवाना लागत नाही, म्हणून तिथे गर्दीही भरपूर: वाय-फाय तिथेच, मायक्रोवेव्ह ओव्हनची गळतीही तिथेच. या गोंगाटातून वाट काढायला ब्लूटूथने जी युक्ती केली ती मला आजही थक्क करते. पट्ट्याचे 79 चॅनेल केले आणि दोन्ही फोन सेकंदाला 1600 वेळा चॅनेल बदलत राहतात. कुठल्या चॅनेलनंतर कुठला, हा क्रम दोघांनाही ठाऊक असतो, त्यामुळे चुकामूक होत नाही. एखाद्या चॅनेलवर गोंगाट असला तर त्या क्षणापुरता तुकडा बिघडतो. घेणारा फोन तुकडा तपासतो, बिघडलेला असेल तर तसं कळवतो आणि तेवढाच पुन्हा मागवतो. 2003 मधल्या 1.2 आवृत्तीपासून तर गोंगाटाचे चॅनेल ओळखून ते टाळण्याचीही सोय झाली.

हे सगळं फोन अडीच मिलिवॉट शक्तीवर करायचा, म्हणून पल्ला दहाएक मीटरचाच. माणसाचं शरीर या लहरी बऱ्यापैकी शोषून घेतं. त्यामुळे मागच्या खिशातल्या फोनवर पाठवलेली फाइल रेंगाळायची आणि फोन हातात घेतला की धावायची.

एक फाइल जाताना

2007-08 च्या सुमाराचा एखादा साधा फोन डोळ्यांसमोर आणा. गेम निवडला, पर्यायांमधून ब्लूटूथने पाठवायला सांगितलं. फोन 'शोधत आहे' म्हणतो आणि दहाएक सेकंद तिथेच थांबतो. हा वेळ फुकट जात नाही. समोरचा फोन सतत कान देऊन बसलेला नसतो. बॅटरी वाचवण्यासाठी तो मधूनमधून, तेही चॅनेल बदलत, ऐकतो. म्हणून शोधणाऱ्याला 32 चॅनेलवर पुन्हा पुन्हा हाका माराव्या लागतात. सगळ्यांना ओ द्यायची संधी मिळावी म्हणून हा शोध ठरलेला 10.24 सेकंदांचा असतो. ओ देणारा फोन आधी फक्त आपला पत्ता कळवतो, नाव नंतर वेगळं विचारावं लागतं. म्हणूनच यादीत कधीकधी आधी आकडे-अक्षरांचा पुंजका दिसायचा आणि मग त्याचं नाव व्हायचं. गर्दीच्या एसटीत शोध घेतला की अनोळखी नावांची रांगच लागायची, ती याच हाकांना आलेली उत्तरं.

मग पेअरिंग. जुन्या फोनांत दोघांनी एकच पासकोड घालायचा, तो बहुतेक ठिकाणी 0000 किंवा 1234. या पासकोडवरूनच दोन फोनांमधली गुप्त किल्ली तयार व्हायची, त्यामुळे तो इतका सोपा ठेवणं धोक्याचंच होतं. 2007 मध्ये आलेल्या 2.1 आवृत्तीपासून दोन्ही पडद्यांवर सहा आकडी संख्या दिसू लागली. ती दोन्हीकडे एकच आहे का हे बघून मग 'हो' म्हणायचं असतं. मध्ये तिसराच फोन घुसून दोघांशी बोलत असेल तर या संख्या जुळत नाहीत. आजही बहुतेक जण न बघताच 'हो' दाबतात. तसं करू नका, दोन सेकंदांचं काम आहे.

आता खरी फाइल. ती पाठवण्याचा शिरस्ता ओबेक्स नावाच्या नियमावलीत आहे. इन्फ्रारेडसाठी लिहिलेली ही नियमावली ब्लूटूथने जशीच्या तशी उचलली. पाठवणारा आधी जोडणी मागतो. मग फाइलचं नाव आणि एकूण आकार कळवतो, त्यावरूनच समोरच्याच्या पडद्यावर 'स्वीकारायचं का?' हा प्रश्न येतो. हो म्हटलं की फाइल तुकड्यांनी जाऊ लागते. प्रत्येक तुकड्यानंतर घेणारा 'पुढे' म्हणतो, तेव्हा पुढचा निघतो. शेवटच्या तुकड्यावर 'हा शेवटचा' अशी खूण असते. तो पोहोचला की 'झालं' असं उत्तर येतं आणि व्यवहार संपतो. 95 टक्क्यांवर मित्र जिना उतरून गेला तर मात्र सगळं वाया, कारण राहिलेल्या 5 टक्क्यांपासून पुढे सुरू करण्याची सोय त्या फोनांमध्ये नव्हती.

वेगाचं म्हणाल तर सुरुवातीच्या ब्लूटूथचा कागदावरचा कमाल वेग सेकंदाला 90 किलोबाइट. 300 केबीचा गेम पाच-सहा सेकंदांत हातात. त्या काळी मोबाइल इंटरनेटला 10 केबीला 10 पैसे पडायचे, आणि ऑपरेटरकडून गेम विकत घ्यायचा तर त्याचे पैसे वेगळे. ज्याच्या फोनमध्ये महिन्याला पन्नास रुपयांचा रिचार्ज व्हायचा, त्या मुलासाठी ब्लूटूथ हाच गेमचा मुख्य दरवाजा होता. मोबाइलच्या दुकानांत मेमरी कार्ड 'भरून' मिळायचं तेही याचमुळे. गाणी, वॉलपेपर आणि गेम यांचा अख्खा संग्रह एकदम.

जार फाइल आणि फोनचं माप

ते गेम जावा या प्रोग्रामिंगच्या भाषेत लिहिलेले असायचे आणि जार फाइलमध्ये यायचे. जार म्हणजे मुळात झिपच, अनेक फाइली दाबून एकत्र बांधलेलं गाठोडं. कॉम्प्युटरवर नावाचं शेपूट बदलून झिप केलं की उघडतं आणि आत चित्रं, आवाज, कोड आणि गेमची माहिती सांगणारी एक छोटी मजकूर फाइल दिसते. सोबत कधीकधी जॅड नावाची आणखी एक फाइल असायची. तिच्यात जार नेमकी किती बाइटची आहे हे लिहिलेलं असतं. प्रत्यक्षातली जार एका बाइटनेही वेगळी निघाली की फोन इन्स्टॉल करायला नकार देतो.

जावाचं आश्वासन होतं की एकदा लिहा आणि कुठेही चालवा. प्रत्यक्षात फोनांचे पडदे 128 बाय 128 पासून 240 बाय 320 पर्यंत नाना आकारांचे, बटणांचे कोड कंपनीगणिक वेगळे, आणि सुरुवातीच्या कित्येक फोनांना 64 केबीपेक्षा मोठी जार चालतच नसे. म्हणून गेम बनवणारे एकाच गेमच्या कितीतरी आवृत्त्या काढायचे. मित्राकडून आलेला गेम पडद्याच्या कोपऱ्यात चिमुकला दिसायचा किंवा खालचा अर्धा भाग कापला जायचा, कारण तो मित्राच्या फोनच्या मापाचा होता. फाइलमध्ये काहीही बिघडलेलं नसायचं.

आणि परवानगीचा प्रश्न तर होताच. विकत घेतलेला गेम पुढे जाऊ नये म्हणून 2002 पासून 'फॉरवर्ड लॉक' नावाची सोय होती: फाइलवर तशी खूण असली की फोन ती कुणाला पाठवूच देत नसे. काही फोन तर जार दिसली की खूण असो-नसो, पाठवायला नाही म्हणायचे. त्यावर लोकांनी वेगळी फाइल मॅनेजर ॲप वापरून वाट काढली. ही अडवणूक जाचक वाटायची, पण तिला दुसरी बाजूही आहे. विशाल गोंदल यांनी 1999 मध्ये मुंबईत सुरू केलेली इंडियागेम्ससारखी कंपनी याच छोट्या फोनांसाठी गेम बनवत होती. फुकट गेलेल्या प्रतींमागे त्या बनवणाऱ्या मुलामुलींच्या हातात काही पडत नव्हतं. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या. पैसे नसणाऱ्याला गेम मिळत होता, आणि बनवणाऱ्याला मोबदला मिळत नव्हता.

'स्वीकारायचं का?' या प्रश्नाची किंमत 2004 मध्ये जगाला कळली. त्या जूनमध्ये कॅबिर नावाचा वर्म, म्हणजे फोनवरून फोनवर स्वतःच पसरणारा घातक प्रोग्राम, सापडला. तो नोकिया 6600 सारख्या, सिम्बियन ही सिस्टिम असलेल्या फोनांवर ब्लूटूथनेच पसरायचा. एका फोनमध्ये शिरला की आसपासचे फोन शोधायचा आणि स्वतःची प्रत त्यांना पाठवायचा. समोरच्याने 'नाही' म्हटलं तर पुन्हा विचारायचा, पुन्हा, पुन्हा, अगदी वैताग येईपर्यंत. पल्ल्यात आहात तोवर तो प्रश्न पडद्यावरून हटेना, आणि शेवटी माणूस कंटाळून 'हो' दाबायचा. 2005 च्या ऑगस्टमध्ये हेलसिंकीच्या जागतिक ॲथलेटिक्स स्पर्धेत, हजारो फोन एका स्टेडियममध्ये जमले असताना, तो पसरल्याची नोंद आहे. फोन बिघडवण्यापेक्षा बॅटरी खाणं हाच त्याचा मुख्य उपद्रव. पण अनोळखी फाइल आपणच होकार देऊन आत घेतो, हे त्याने दाखवून दिलं.

अँड्रॉइड आला आणि हिशेब बदलला

गेम 300 केबीवरून दोन जीबीवर गेले. ब्लूटूथही सुधारलं होतं, 2004 च्या 2.0 आवृत्तीने प्रत्यक्षात सेकंदाला 200 केबीपर्यंत मजल मारली. पण त्या वेगानेही दोन जीबीला पावणेतीन तास लागतात. म्हणून शेअरइट आणि झेंडर यांसारख्या ॲपनी ब्लूटूथ बाजूला ठेवून वाय-फाय घेतलं. एक फोन स्वतःच हॉटस्पॉट होतो, दुसरा त्याला जोडला जातो, आणि फाइल थेट जाते. स्कॅन करायला दिलेल्या क्यूआर कोडमध्ये मुख्यतः त्या हॉटस्पॉटचं नाव आणि पासवर्ड असतो. याचीच नेटकी आवृत्ती म्हणजे वाय-फाय डायरेक्ट. ती 2010 मध्ये प्रमाणित झाली आणि अँड्रॉइडमध्ये 2011 च्या 4.0 पासून आली. सेकंदाला 20 एमबी मिळाले तरी दोन जीबी पावणेदोन मिनिटांत जातात.

यात नेटपॅक खर्च होतो का? नाही. वाय-फायची लहर एका फोनमधून निघून दुसऱ्यात जाते, सिमकार्डाचा काही संबंध येत नाही. ॲपमधल्या जाहिराती तेवढ्या डेटा खातात. आणि फाइल पाठवायला लोकेशन का मागतात, ही शंका रास्त आहे. आसपास कुठली वाय-फाय आणि ब्लूटूथ यंत्रं आहेत यावरून तुम्ही कुठे आहात हे ओळखता येतं, म्हणून अँड्रॉइडने बरीच वर्षं असा शोध लोकेशनच्या परवानगीला बांधून ठेवला होता. अँड्रॉइड 12 पासून 'जवळपासची डिव्हाइस' ही वेगळी परवानगी आली.

2016 च्या सप्टेंबरमध्ये जिओ सुरू होईपर्यंत मोबाइल डेटा महागच होता, आणि कॉलेजच्या हॉस्टेलांत शेअरइटचा राबता होता. 'मिनी मिलिशिया' त्याच काळात घराघरांत पोहोचला. एकाने हॉटस्पॉट चालू करायचा, बाकीच्यांनी जोडायचं आणि इंटरनेटशिवाय एकत्र खेळायचं. पण सगळ्यांकडे गेमची एकच आवृत्ती नसेल तर एकाला दुसऱ्याने गेममध्ये उघडलेली खोली (रूम) दिसायची नाही, म्हणून खेळण्याआधी एकाच फोनमधून सगळ्यांना गेम वाटला जायचा.

याच गेमच्या 'मॉड' प्रतीही फिरायच्या: कधी न संपणाऱ्या गोळ्या, कधी न येणारं मरण. त्या मूळ गेमवर इन्स्टॉल करायला गेलं की फोन नाही म्हणायचा आणि आधी मूळ गेम काढून टाकावा लागायचा. अँड्रॉइडची तपासणी कशी चालते याचा हा फार चांगला नमुना आहे. अँड्रॉइडवर गेम ज्या फाइलमध्ये येतो ती एपीके फाइलही झिपच असते, पण तिच्यावर बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. आतला एक बाइट बदलला तरी सही जुळत नाही. मॉड करणारा गेम उघडून बदल करतो आणि मग त्याला स्वतःची सही करावी लागते, कारण मूळ कंपनीची गुप्त किल्ली त्याच्याकडे नसते. फोन नव्या फाइलची सही आधीच्या सहीशी ताडून बघतो, वेगळी दिसली की अडवतो. म्हणजे 'आधीचा गेम काढा, मग हा बसेल' असं कुणी सांगितलं तर समजावं की या फाइलवर दुसऱ्याच कुणाचा तरी हात फिरला आहे. त्यात आणखी काय घातलंय हे बाहेरून दिसत नाही. लहान मुलांच्या फोनवर अशी फाइल बसू देऊ नका, एवढं मात्र मी हात जोडून सांगेन.

मोठ्या गेमच्या बाबतीत आणखी एक खोच होती. एपीकेच्या आकाराला प्ले स्टोअरची मर्यादा होती, म्हणून 2012 पासून बाकीचा माल ओबीबी नावाच्या वेगळ्या फाइलमध्ये जाऊ लागला. नुसती एपीके पाठवली तर गेम उघडतो आणि दीड जीबी डाउनलोड करायला सांगतो. जाणकार मुलं ओबीबीचं फोल्डरही सोबत पाठवायची. अँड्रॉइड 11 पासून ते फोल्डर इतर ॲपना सहजासहजी उघडता येत नाही.

आणि आता शंभर टक्क्यांनंतरच्या त्या नकाराचं आजचं सर्वांत मोठं कारण. 2021 च्या ऑगस्टपासून प्ले स्टोअरवर येणारं प्रत्येक नवं ॲप 'बंडल' स्वरूपात द्यावं लागतं. पूर्वीची एपीके म्हणजे दुकानातला रेडिमेड शर्ट, थोडा सैल-घट्ट असला तरी कुणालाही चढायचा. बंडलमधून मात्र प्ले स्टोअर प्रत्येक फोनच्या मापाचा शिवून देतं: या प्रोसेसरसाठी एक तुकडा, या पडद्यासाठी दुसरा, या भाषेसाठी तिसरा. तुमच्या फोनमध्ये असलेला गेम असा अनेक तुकड्यांचा बनलेला असतो. साध्या फाइल मॅनेजरने त्यातली एकच मूळ एपीके उचलून पाठवली तर समोर बाह्या नसलेला शर्ट पोहोचतो, आणि फोन तो नाकारतो. सगळे तुकडे पाठवले तरी 64 बिट प्रोसेसरचा तुकडा जुन्या 32 बिट फोनवर चालत नाही.

29 जून 2020 रोजी भारत सरकारने 59 ॲपवर बंदी घातली, त्यात शेअरइट आणि झेंडर दोन्ही होती. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गुगलचं निअरबाय शेअर आलं. 2024 मध्ये ते सॅमसंगच्या सोयीत मिसळून क्विक शेअर झालं. ते ब्लूटूथने आसपासचे फोन शोधतं आणि मोठी फाइल वाय-फायवरून नेतं, म्हणजे दोन्ही लहरींना आपापल्या जोगं काम. गुगलने 2018 मध्येच एक महत्त्वाचं पाऊल उचललं होतं: प्ले स्टोअरच्या एपीकेमध्ये थोडी जास्तीची माहिती घातली, म्हणजे इंटरनेट नसतानाही हा गेम प्ले स्टोअरचाच आहे हे फोनला पडताळता येतं. महाग डेटा आणि कमकुवत नेटवर्क असलेल्या देशांत लोक ॲप हातोहात देतात, हे कारण त्यांनी उघड सांगितलं होतं. मला हा निर्णय मनापासून पटतो. जिथे टॉवर पकडत नाही अशा वाडीतल्या मुलांनाही खरा गेम मिळाला पाहिजे, आणि त्यासाठी हातोहात देण्याची वाट बंद करण्यापेक्षा ती सुरक्षित करणं योग्य.

आयफोनचा मामला सोपा आहे: एअरड्रॉपने फोटो-व्हिडिओ जातात, ॲप जात नाही. जाते ती फक्त ॲप स्टोअरची लिंक.

अँड्रॉइडवर गेम द्यायचाच असेल तर फाइल मॅनेजरमधून एपीके शोधत बसू नका. सगळे तुकडे एकत्र पाठवणारी, फोनमध्ये आधीपासून असलेली शेअरची सोय वापरा, आणि दोन्ही फोनवर अँड्रॉइडची आवृत्ती बघून घ्या. घेणाऱ्याने 'अनोळखी ॲप इन्स्टॉल करण्याची' परवानगी दिली असेल तर काम झाल्यावर ती बंद करावी. 2017 च्या अँड्रॉइड 8 पासून ती प्रत्येक ॲपला वेगळी द्यावी लागते, म्हणजे बंदही वेगळी करता येते. विकतचा गेम बहुधा पहिल्यांदा उघडताना तुमचं खातं तपासेल आणि दुसऱ्याच्या खात्यावर थांबेल.

एक प्रश्न घरातली लहान मुलं हमखास विचारतात: दादाने चाळीस लेव्हल पार केल्यात, त्याच्याकडून गेम घेतला तर मलाही चाळीसपासून सुरू करता येईल का? नाही. कुठवर खेळून झालं याची नोंद गेमच्या फाइलमध्ये नसते. ती फोन आपल्या खासगी कप्प्यात ठेवतो, जावाच्या काळीही तसंच होतं. दादाच्या फोनमधून येतो तो कोरा गेम, आणि धाकट्याला पहिल्या लेव्हलपासूनच खेळावं लागतं.